चूकभूल

मी पणजीला दैनिकात प्रूफं तपासायचो. रात्रपाळी.
खेळांचं पान सर्वांत शेवटी सुटे,
आणि त्या पानाच्या तळाशी, बाजारभावांपेक्षाही बारीक टायपात,
टेनिसचे निकाल.
तिथे तू राहायचीस, मंदाकिनी वेरेंकर.
सात वर्षं. माझ्या मोजणीने त्रेचाळीस ओळी.

पहिल्याच ओळीत आम्ही तुला वेर्णेकर केलं.
दुसऱ्या दिवशी फोंड्याहून तुझे वडील आले,
बिजागऱ्या-खिळ्यांच्या दुकानाची फळी अर्धी लावून.
काउंटरवर अंक पसरून म्हणाले, आडनाव नीट घाला, पोर माझी आहे.
मग आजूबाजूला बघून, हळूच:
हे सहा-चार म्हणजे काय? कोणी कोणाला किती द्यायचे?
मी सांगितलं. पंधरा, तीस, चाळीस.
पंचेचाळीस का नाही, त्यांनी विचारलं,
आणि मला ते आजही सांगता येत नाही.
बेरीज न जुळणारी वही मिटावी
तसा त्यांनी अंक मिटला.

तेव्हापासून ते फक्त शब्द वाचत.
विजयी. पराभूत.

बँकॉक, नैरोबी, पोर्तो,
आणि नाव उच्चारता न येणारं एक बर्फाचं गाव.
टेलिप्रिंटरच्या फाटक्या पट्टीवरून तू यायचीस
आणि मी तुझा रफार, तुझा अनुस्वार तपासायचो.
एवढीच आपली ओळख.
तू जगात दोनशे सत्त्याऐंशीवी झालीस
त्या दिवशी चतुर्थीची जाहिरात आली, अर्धं पान;
माटोळीचं सामान राहिलं, तू गळालीस.

मग कैरो.
पट्टी येता येता वीज गेली.
कंपोझिटरने अंदाजाने जुळवलं: वेरेंकर पराभूत.
पुढे आकडे होते. ४–६, ७–६, ९–७.
त्यांच्याकडे एकदा पाहिलं असतं तरी पुरे होतं.
मला झोप येत होती.

फोंड्याच्या पोस्टातून तीन शब्दांची तार गेली:
पुरे. घरी ये.
ती तुला मिळाली तेव्हा तुझे पाय बर्फाच्या बादलीत होते
आणि तू जिंकलेली होतीस.
(हे मला कितीतरी वर्षांनी तुझ्या मावसभावाने सांगितलं,
म्हार्दोळच्या जत्रेत, चणे खाता खाता.)
दुसऱ्या फेरीत तू ६–१, ६–० अशी गेलीस.
ते आम्ही अचूक छापलं.

दुरुस्ती मी लिहिली होती. चार ओळी.
संपादक म्हणाले, कोण बघतं?

पुढे तुझा गुडघा गेला, टायप गेले, तार गेली,
तुझे वडीलही गेले; ती बातमी दुसऱ्याच कोणी तपासली.

आज बांदोड्याला, तुझ्या कोर्टवर, नातीला घेऊन आलोय.
जांभ्याच्या भुग्यावर तू सकाळी पाणी मारतेस,
स्वतः रूळ ओढतेस, डाव्या पायाला जपत.
सहा मुलं, त्यांतलं एक अनवाणी,
आणि चेंडूंसाठी आंब्याची जुनी करंडी.

मी सगळं सांगून टाकलं. एका दमात, उभ्या उभ्या.
तू करंडी खाली ठेवलीस.
इतका वेळ गप्प राहिलीस की
मागच्या कुळागरात पडलेली सुपारी ऐकू आली.
मग विचारलंस,
"आंकडे सारके आशिल्ले न्ही?"
होय, मी म्हणालो. आकडे बरोबर होते.
"बाबाक ते वाचूंक येनासले."

रागावलीस की नाही, कळलं नाही.
माझ्या नातीचं कोपर दोन बोटांनी वर उचललंस,
म्हणालीस, इथे. इथेच ठेव.
मग चुन्याचा डबा घेऊन आलीस
आणि मला हाताने बाजूला व्हायला सांगितलंस.
मी रेघेवर उभा होतो,
चपलांनी ती वीतभर पुसली होती.